नादशिला पीठ: आवाजानं दगड घडवणाऱ्यांचे नियम काय असावेत?

अश्मक

एका दीर्घकथेसाठी एक पीठ उभं करतोय आणि दोन ठिकाणी अडलोय, म्हणून हा धागा.

नादशिला पीठ. डोंगरात कोरलेली दालनं, वर ग्रंथशाळा, खाली कामाच्या जागा. इथली माणसं दगड आणि स्फटिक आवाजानं घडवतात. पण ती मांत्रिक नाहीत, अभ्यासक आहेत. मंत्र म्हटला आणि शिळा दुभंगली, असलं मला काही लिहायचं नाही. प्रत्येक शिळेची स्वतंत्र वही असते. ती कुठल्या थरातून आली, ओली असताना कशी वाजली, सुकल्यावर कशी वाजली, कुणी काय करून पाहिलं आणि काय फसलं, सगळं त्यात. आचार्यांचे आपापसांत मतभेद आहेत आणि तेही वह्यांत नोंदलेले आहेत.

अडलोय ते इथे. एक, मर्यादा. आवाजानं दगड घडतो तर मग ही माणसं शत्रूचा तट का पाडत नाहीत? वाचक हा प्रश्न विचारणारच. दोन, किंमत. एवढी विद्या फुकट मिळत नसते. पण आयुष्य कमी होणं, रक्त द्यावं लागणं हे फार वापरून झालंय. या विद्येच्या पोटातूनच निघालेली किंमत हवी आहे.

कंपनसंख्या

पहिल्या प्रश्नाचं उत्तर भौतिकशास्त्र आयतंच देतं.

हवेतला आवाज दगडात शिरतच नाही. हवा फार विरळ, दगड फार घट्ट, त्यामुळे सीमेवर जवळजवळ सगळी ऊर्जा परत फिरते. ग्रॅनाइटसमोर उभं राहून गायलात तर साधारण दहा हजारातला एक भाग आत जातो. त्यात आवाजाचा दाब किती? कानठळ्या बसवणारा १२० डेसिबलचा आवाज म्हणजे २० पास्कल. ग्रॅनाइट ताणून तोडायला साधारण एक कोटी पास्कल लागतात. म्हणजे पाच लाख पटींची तफावत, तीही तो दहा हजारातला एक भाग विचारात न घेता. तटासमोर अख्खं पीठ गळा फुटेस्तोवर गायलं तरी खडा हलणार नाही.

शिवाय तट ही एक वस्तूच नव्हे. शेकडो दगड, मध्ये चुना, माती, फटी. प्रत्येक सांध्यावर कंपन मरतं. ज्याला एकसंध अंग नाही त्याला स्वतःचा एक स्वर नाही. हा तुमच्या पीठाचा पहिला नियम होऊ शकेल: बांधलेल्यावर विद्या चालत नाही, अखंड शिळेवरच चालते.

आता पाणी बघा. पाण्यातून ग्रॅनाइटमध्ये जवळपास एक तृतीयांश ऊर्जा जाते. कामाच्या जागी कुंडं ठेवा आणि शिळा पाण्यात बुडवून घडवा. आणि सूर गळ्यातून देऊ नका, कारण हवेतून पाण्यात शिरतानाही तोच अडथळा आहे. धातूची लांब दांडी घ्या, मधोमध धरा, राळ लावलेल्या बोटांनी लांबीच्या दिशेनं ओढा. दांडी किंचाळते. एक मीटरची अॅल्युमिनियमची दांडी अशी ओढली की सेकंदाला सुमारे २५०० कंपनं देते. भौतिकशास्त्राच्या वर्गात हा प्रयोग करतात आणि मागच्या बाकावरची मुलंसुद्धा कान झाकतात. तुमच्या पीठात ती दांडी काशाची असेल. तिचं एक टोक शिळेला टेकलेलं.

टाकीवाला

आमच्या घरात दगडाचं काम. भौतिकशास्त्र मला कळत नाही, पण दगड वाजवून घेतात हे लहानपणापासून पाहिलंय. वडील शिळा पसंत करताना आधी सुतकीनं हलके ठोके द्यायचे, एका टोकापासून दुसऱ्या टोकापर्यंत. खणखणीत वाजला तर दगड जिवंत. मध्येच कुठे बद्द आवाज आला की तिथे आत चीर आहे, वरून दिसो न दिसो. तो दगड मूर्तीला जायचा नाही, पायरीला जायचा.

मोठा दगड फोडताना रांगेनं भोकं पाडून त्यात पाचरी बसवतात. एकेक पाचर थोडी थोडी ठोकत रांग पुरी करायची, परत पहिलीपासून. पाचर आवळत जाते तसा ठोक्याचा आवाज चढत जातो. सगळ्या पाचरी सारख्या बोलायला लागल्या की थांबायचं. दगड आपणहून उकलतो, कधी कधी थोड्या वेळानं. जो थांबत नाही त्याचा दगड वाकडा फुटतो.

तुमच्या पीठातल्या नवशिक्यांना श्रोते म्हणून पहिली काही वर्षं नुसतं ऐकायला लावणार असाल तर काय ऐकायचं ते हे. ध्यान लावून बसणं नको. शंभर दगड मांडून ठेवा आणि चीर कुठे आहे ते सांगायला लावा. मग ते फोडून दाखवा.

गारगोटी

स्फटिकांबद्दल लिहिते, कारण दगड आणि स्फटिक एकाच दमात म्हटले जातात, पण त्यांचा स्वभाव अगदी वेगळा.

ग्रॅनाइट म्हणजे क्वार्ट्झ, फेल्स्पार, अभ्रक यांच्या कणांची गर्दी. कणाकणाच्या सीमेवर कंपन झिजतं. स्फटिक आतून एकसारखा, त्यामुळे कंपन त्यात टिकतं. घड्याळातला क्वार्ट्झ सेकंदाला ३२,७६८ वेळा कंप पावतो आणि आपण त्याच्या भरवशावर दिवस काढतो.

अभ्यासक्रम खनिजांच्या पाटनावरून लावा. पाटन म्हणजे ठरावीक पातळ्यांवर सुटण्याची सवय. अभ्रकाला एकच दिशा, पापुद्रे सुटतात, ते नवशिक्यांना. मग कॅल्साइट, त्याला तीन दिशा, कसाही फोडा, तिरके ठोकळेच पडतात. मग फ्ल्युओराइट, त्याला चार, नीट फोडला तर अष्टफलक मिळतो. हिऱ्यालाही त्याच चार. आणि शेवटी क्वार्ट्झ, त्याला नावाजण्यासारखं पाटनच नाही. तो शंखासारख्या वळणदार पृष्ठांवर फुटतो. आधीच्या तिन्हींमध्ये स्फटिक तुम्हाला वाट दाखवतो. क्वार्ट्झमध्ये वाट तुम्हालाच ठरवावी लागते. म्हणून दिसायला साधी, नदीकाठी पडलेली गारगोटी ही तुमच्या पीठाची शेवटची परीक्षा असावी. हिरा नको. हिरा तिथे तिसऱ्या वर्षातल्या मुलांचं काम असेल.

आणि क्वार्ट्झचं आणखी एक. तो दाबला की त्यावर विद्युतभार येतो. प्येर आणि झाक क्यूरी या भावांनी हे १८८० मध्ये दाखवलं. उलटही होतं, वीज दिली की तो आकार किंचित बदलतो. अंधाऱ्या दालनात क्वार्ट्झवर काम करणाऱ्या साधकाच्या बोटांना मुंग्या येतात आणि त्याला त्याचं कारण ठाऊक नाही, असं दाखवता येईल. पीठाच्या वह्यांत नोंद आहे, स्पष्टीकरण नाही. अभ्यासकांच्या संस्थेत अशा जागा हव्यातच.

अश्मक

कुंडं घेतली. पाचरींचा आवाज घेतला. गारगोटीची परीक्षा तर घेतलीच, त्यावर एक अख्खं प्रकरण होईल.

पण कंपनसंख्या, पाच लाख पटींची तफावत दांडी टेकवूनही भरून येईल का? कुठेतरी कल्पनेला जागा लागेल. ती नेमकी कुठे ठेवू?

कंपनसंख्या

एकच जागा ठेवा आणि बाकी सगळं खरं ठेवा. माझं सुचवणं: तुमच्या आचार्यांना कंपनाची झीज थांबवता येते. बस्स.

शिळेच्या स्वतःच्या स्वरावर तुम्ही हलका हलका धक्का देत राहिलात तर कंपन वाढतं, पण आत झीज होत असते, म्हणून एका पातळीवर ते थांबतं. झीज नसेल तर थांबणार नाही. अगदी क्षीण धक्का, पण साठत साठत जाणार. याला धारणा म्हणा. शिळा कंपन विसरत नाही, एवढीच तुमची जादू.

यातून निघणारे परिणाम बघा, तिथे गोष्ट आहे. धक्का नेमक्या त्याच स्वरावर हवा. सेकंदाला एका कंपनानं जरी चुकलात तर अर्धा सेकंद कंपन वाढतं आणि पुढच्या अर्ध्या सेकंदात तुमचाच धक्का ते पुसून टाकतो. पुन्हा शून्यावर. म्हणजे ताकदवान माणूस इथे निरुपयोगी आहे, सुरेल माणूस लागतो. आणि साठवलेली ऊर्जा आपोआप जात नाही. काम संपल्यावर ती उतरवावी लागते, त्याच स्वरानं, पण उलट्या बाजूनं धक्के देऊन. उतरवलं नाही तर ती शिळा भरलेलीच राहील. कुणी हात लावला तर?

स्वरांगी

मी गाते, त्यामुळे हा स्वर धरून ठेवण्याचा भाग वाचून राहवलं नाही.

एक शंका. दगड घडवताना तो लहान होणार, पातळ होणार. मग त्याचा स्वर तोच कसा राहील? तंबोरा जुळवून बसलो आणि गाता गाता तारच बदलत गेली, अशी अवस्था होईल ना?

कंपनसंख्या

अगदी बरोबर पकडलंत. फरशीसारखी सपाट शिळा वाकून कंप पावते तेव्हा तिचा स्वर जाडीच्या प्रमाणात असतो. जाडी निम्मी झाली की स्वर एक सप्तक खाली. उलट लांबी आणि रुंदी निम्मी केली तर दोन सप्तकं वर.

चीनमध्ये दगडी पट्ट्या टांगून वाजवायची फार जुनी परंपरा आहे. इ.स.पू. पाचव्या शतकातल्या झंग राज्याच्या एका सरदाराच्या कबरीत अशा ३२ पट्ट्यांचा संच सापडला. त्या जुळवण्याचा नियमही त्यांच्या जुन्या ग्रंथात आहे: स्वर चढा लागला तर बाजू घासून पातळ करा, उतरता लागला तर टोकं घासा.

स्वरांगी

मग अश्मक, तुमच्या पीठाची खरी विद्या हीच. स्वर लावणं ही सुरुवात झाली. दगड घडत जाईल तसा त्याचा स्वर सरकत जाणार आणि साधकाला त्याच्या मागोमाग जावं लागणार. महिनोन्‌महिने चाललेली एकच मींड. सप्तकभर उतरायची आणि मध्ये कुठेही तुटू द्यायची नाही. आपल्या मनातलं गाणं दगडावर लादता येणार नाही, दगड जिकडे नेईल तिकडे जायचं. मला हे वाचतानाच अंगावर काटा आला.

दांडीचा स्वर उतरवायचा तर तिच्या टोकांना मेण लावता येईल. पखवाजाच्या धुमेवर कणीक लावतात ती याचसाठी, वजन वाढलं की स्वर खाली येतो. रोज चिमूटभर मेण.

आणखी एक द्यावंसं वाटतं. नाट्यशास्त्रकार भरताच्या श्रुतिप्रयोगात (श्रुती म्हणजे स्वरातलं बारीक अंतर) दोन वीणा आहेत, अगदी सारख्या जुळवलेल्या. एक ध्रुव, तिला हात लावायचा नाही. दुसरी चल, ती पायरीपायरीनं उतरवत न्यायची आणि प्रत्येक वेळी ध्रुवेशी ताडून बघायची. शार्ङ्गदेवानं तेराव्या शतकात, देवगिरीच्या यादवांच्या आश्रयानं, हाच प्रयोग बावीस बावीस तारांच्या वीणांवर मांडला. पीठात प्रत्येक कामाला दोन शिळा घ्या, एकाच खाणीतल्या, एकाच मापाच्या, एकाच कुंडात बुडवलेल्या. एक ध्रुवशिला, एक चलशिला. किती उतरलो हे ध्रुवशिला सांगेल. ग्रंथशाळेच्या खाली न घडवलेल्या ध्रुवशिलांचं एक दालनच असू द्या.

टाकीवाला

स्वर सरकतो ते समजलं. पण माती निघते कशानं? म्हणजे दगड प्रत्यक्ष झिजतो कसा?

कंपनसंख्या

वाळूनं. आजही काच आणि रत्नांसारख्या ठिसूळ वस्तूंना असं कोरतात. सेकंदाला २० हजारांच्या आसपास कंप पावणारं हत्यार, खाली कठीण भुकटी मिसळलेलं पाणी. हत्यार दगडाला नीट लागतही नाही, मधले कण आपटून आपटून दगड खातात. कुंडात बारीक कुरुंदाची भुकटी सोडा. जिथे शिळा जास्त हलते तिथे ती जास्त झिजेल.

आणि जिथे हलत नाही तिथे झिजणार नाही. प्रत्येक स्वराला शिळेवर काही रेषा अशा असतात की तिथे हालचालच नसते. क्लाडनी नावाच्या जर्मन अभ्यासकानं १७८७ मध्ये पत्र्यांवर वाळू टाकून कडेला व्हायोलिनचा गज ओढला आणि या रेषा लोकांना दाखवल्या. वाळू पळत पळत त्या रेषांवर जाऊन बसते आणि चित्र उमटतं. स्वर बदला, चित्र बदलतं. पुढे नेपोलियनला हा प्रयोग एवढा आवडला की त्याचं गणित मांडणाऱ्याला बक्षीस लागलं आणि ते १८१६ मध्ये फ्रेंच गणितज्ञ सोफी जेर्मँनं मिळवलं.

तुमच्या शिळेवर त्या रेषा उंचवटे म्हणून राहतील. मग दुसरा स्वर धरायचा, ज्याच्या रेषा तिसरीकडे आहेत, आणि पहिले उंचवटे झिजवायचे. कुठल्या क्रमानं कुठले स्वर किती वेळ, यावर आकार ठरेल. पीठातलं शिल्पाचं रेखाटन म्हणजे स्वरांचा क्रम लिहिलेला कागद.

टाकीवाला

शेवटी काही उंचवटे राहणारच असं दिसतंय. ते टाकीनं काढा. टाकीचे घाव सोसल्याशिवाय देवपण येत नाही, असं आपल्याकडे म्हणतात. पीठात जे हातानं काम करतात त्यांना कमी लेखू नका, एवढी विनंती. शेवटचा हात त्यांचा असू द्या. डोळे, ओठ, बोटांची टोकं ही कामं पाण्यातल्या वाळूला जमतील असं मला वाटत नाही. कुठे थांबायचं हे वाळूला कळत नाही.

रातकिडा

किंमत कुणीच दिली नाही अजून, म्हणून लिहितो.

किंमत कानांची. हा धागा वाचताना ती समोरच पडलेली दिसते. लहान वस्तूचा स्वर चढा, मोठ्या वस्तूचा खालचा. कान म्हातारे होतात तेव्हा आधी वरचे स्वर जातात. सतत मोठ्या आवाजात काम करणाऱ्यांचे तर सेकंदाला ४००० कंपनांच्या आसपासचे स्वर सगळ्यात आधी. आणि ही माणसं आयुष्यभर किंचाळणाऱ्या दांड्यांजवळ बसलेली.

म्हणजे वय वाढेल तसं साधकाच्या हातून स्फटिक सुटत जाणार. तरुणपणी तो वीतभर गारगोटीवर काम करतो. चाळिशीत ती ऐकू येत नाही, मग हातभर शिळा. साठीत फक्त मोठमोठे स्तंभ. पीठातले सगळ्यात नाजूक काम पोरं करतात आणि सगळ्यात अजस्र काम म्हातारे. बाहेरच्या जगाला वाटतं की आचार्य थोर म्हणून स्तंभ घडवतात. आत सगळ्यांना माहीत आहे की आचार्यांना आता स्तंभच ऐकू येतात. गारगोटीची परीक्षा शेवटची ठेवलीत तर ती देण्याची मुदतही ठरलेली आहे. उशीर झाला की दार कायमचं बंद.

गारगोटी

हे फार सुंदर आहे. आणि क्रूरही. हुशार, पण सावकाश शिकणारी एक साधिका डोळ्यांसमोर आली. समज पक्की होईपर्यंत तिचे कान उतरलेले.

अश्मक

रातकिडा, किंमत मिळाली. मी आठवडाभर याच्याच शोधात होतो.

आता एक प्रसंग मांडतो. एक वृद्ध आचार्य स्तंभावर काम करता करता मरतो. धारणा तशीच राहिली आहे. स्तंभ भरलेला आहे, दालन बंद केलंय. आत शिरून तो कोण उतरवणार? माझ्या मनात एक मुलगी आहे, जन्मतः ठार बहिरी. पीठानं तिला श्रोता म्हणून घेतलं नाही, ती कुंडं साफ करते. पण आयुष्यभर वाळूच्या रेषा बघत आली आहे. तिला हे जमेल असं पटण्यासारखं लिहिता येईल का? भावनेच्या भरात केलेला चमत्कार नको.

रातकिडा

भरलेला स्तंभ गप्प असेल की आवाज करेल?

कंपनसंख्या

गुणगुणेल. आतली झीज थांबली असली तरी हवेत थोडा थोडा आवाज जाणारच. दगडातून हवेत फार कमी जातं, त्यामुळे हळूहळू रिकामा होत राहील. पण तोवर त्याच्या जवळ कुंडाचं पाणी नेता कामा नये. पाण्यात ऊर्जा भराभर जाते, ती कुठे आणि कशी बाहेर पडेल यावर कुणाचा ताबा राहणार नाही. आणि स्तंभात चीर असेल तर ती रोज वाढत असेल. ग्रिफिथ नावाच्या इंग्रज अभियंत्यानं १९२१ मध्ये दाखवलं की ठिसूळ वस्तूची ताकद तिच्यातल्या चिरा ठरवतात. म्हणजे तुमच्याकडे वेळही कमी आहे.

मुलीला जमेल. कारणासहित सांगतो. बोटांच्या टोकांना कंपन कळतं, सर्वांत चांगलं सेकंदाला अडीचशेच्या आसपास, हजाराच्या पुढे फारसं नाही. स्तंभ मोठा, म्हणजे स्वर खालचा, तिच्या बोटांच्या पट्ट्यात बसणारा. गारगोटी असती तर मी नाही म्हटलं असतं.

स्तंभाला कुठे हात लावायचा हे वाळू सांगेल. तिनं आडव्या कंगोऱ्यांवर वाळू भुरभुरावी, जिथे ती शांत बसते तिथे हालचाल नाही. तिथेच पहिल्यांदा टेकायचं, दुसरीकडे टेकलं तर बोटं जातील. मग एकच बोट स्तंभ आणि दांडी दोन्हींना लागेल असं धरायचं. दोघांचे स्वर थोडे वेगळे असतील तर कंप चढउतार करतो, फुगतो, ओसरतो. मेण लावत लावत ती चढउतार लांबवत न्यायची, पार थांबेपर्यंत. हे तिला कुठल्याही गायकाइतकं नेमकं कळेल.

स्वरांगी

तंबोरा लावताना आम्हीही हेच करतो. दोन तारांमधली ती लाट थांबेपर्यंत खुंटी पिळायची. डोळे मिटले तर ती लाट छातीत कळते.

टाकीवाला

चिरेचं काय? ती तिला कशी कळणार, बद्द आवाज तर ऐकू येणार नाही.

कंपनसंख्या

वाळूच्या रेषेत. अखंड दगडात रेषा सलग असते. चीर असली की तिथे ती तुटते किंवा वाकते. पीठातले सगळे कानानं ऐकून सवयीचे झालेत, त्यामुळे रेषेतला एवढासा बाक कुणी बघितलेला नसेल. तिनं बघितलेला असेल, कारण ती रोज कुंडाच्या काठावरची वाळू झाडते.

उरला प्रश्न उलट्या बाजूचा. दांडीचा धक्का स्तंभाच्या बरोबर पडतोय की विरुद्ध, हे आधी कळायचा मार्ग नाही. टेकवून बघावं लागेल. कंप वाढला तर दांडी लगेच उचलायची, अर्ध्या आवर्तनाचा फरक पाडून परत टेकवायची. हे तिला एकदा तरी चुकेल असं लिहा. पहिल्या खेपेला कंप वाढू द्या.

अश्मक

वाढू देतो. आणि त्या वेळी दाराबाहेर टाकी घेऊन काम करणारा म्हातारा कारागीर उभा असेल. चीर कुठल्या अंगाला आहे हे तिनं खुणेनं सांगितलं की स्तंभ त्या बाजूनं टेकू देऊन धरायचं काम त्याचं. टाकीवाला, टेकू लाकडाचा की दगडाचा, आणि चिरेच्या किती खाली?

टाकीवाला

लाकडाचा. दगडाला दगड भिडला की कंप त्याच्यात जाईल असं वरच्या चर्चेवरून वाटतं. वर गोणपाटाची घडी घाला. चिरेच्या खालच्या टोकापासून वीतभर खाली, आणि एकच नको, दोन बाजूंनी दोन. म्हाताऱ्याला एकट्याला ते पेलणार नाही, त्याच्यासोबत एखादा हरकाम्या पोऱ्या द्या.